हिरव्या सुतळीचं मुद्गल

पट्टेवाल्यानं दार अर्धवट उघडलं, मान बाहेर काढली आणि शेजाऱ्याकडं तंबाखू मागावी इतक्या हळू आवाजात म्हणाला, "खराडे आहेत का, खराडे?" मग मान आत घेतली. "नाहीत, साहेब."

झाली हाक. एवढ्या हाकेनं आमच्या कराडातलं मांजरसुद्धा उठलं नसतं.

समोर टेबलामागं देवस्थळी साहेब बसले होते. उच्च न्यायालयातून निवृत्त झालेले. देशभरातल्या क्रीडा महासंघांवर देखरेख ठेवायला सरकारनं तेव्हा नवंच एक मंडळ नेमलं होतं, आणि त्या मंडळातर्फे ते पुण्याच्या सरकारी विश्रामगृहात तक्रारी ऐकायला येत. त्यांच्या डाव्या हाताला टंकलेखिका. भिंतीकडेच्या खुर्च्यांवर मी आणि माझी विद्यार्थिनी तबस्सुम मुलाणी. तक्रार आमची होती. ज्यांच्याविरुद्ध होती त्या मुद्गल महासंघाचे सरचिटणीस, दिनकरराव खराडे, हजर नव्हते.

आणि ही तिसरी तारीख होती. पहिल्या तारखेला खराड्यांची प्रकृती बिघडली होती. दुसऱ्या तारखेला त्यांची गाडी बिघडली. आम्ही आपल्या दर वेळी कराडहून पहिली एसटी धरायची, पुण्यात येऊन बाकावर बसायचं, आणि पुढची तारीख पदरात घेऊन परत जायचं. डोक्याला नुसता ताप.

कशाची तक्रार, ते थोडक्यात सांगते. मुद्गल म्हणजे गदेसारखं लाकडी, मुठीला बारीक आणि बुडाला जाड. दोन हातांत दोन घ्यायची आणि खांद्यांवरून फिरवायची. मी शाळेत शारीरिक शिक्षण शिकवायचे आणि राष्ट्रीय स्पर्धांत पंच म्हणून जायचे. तबस्सुम पाचवीत होती तेव्हापासून माझ्या हाताखाली. तिच्या वडिलांचं ओगलेवाडीला सायकल दुरुस्तीचं दुकान. मुठी घसरू नयेत म्हणून तिच्या मुद्गलांना ते जुन्या ट्यूबचं रबर गुंडाळून द्यायचे. दोन्ही मुठी काळ्याकुट्ट. ही पोर त्या वर्षी इंदूरच्या राष्ट्रीय स्पर्धेत पहिली आली. मी गॅलरीत बसून रडले, माझं मलाच नवल वाटलं.

दीड महिन्यानं महासंघाचं पत्र आलं. स्पर्धेत वापरलेले मुद्गल विहित वजनापेक्षा कमी भरले, सबब पदक रद्द, दोन वर्षांची बंदी, निर्णय सर्वानुमते. बस. कुठं तोललं, कुणी तोललं, किती कमी भरलं, काही नाही. तुझं काय म्हणणं आहे, एवढंही कुणी विचारलं नाही. पोरीची जोडी बक्षीस समारंभाला टेबलावर मांडून ठेवलेली, ती तिथूनच महासंघानं उचलली होती, त्यामुळं घरी तोलून बघायलाही काही हाताशी नव्हतं. पदक गेलं दुसऱ्या क्रमांकाच्या मुलीला, वर्ध्याच्या प्रणिता ढोमणेला.

मला वाटलं, हा माझ्यावरचा राग आहे. मी बैठकांत खराड्यांना तोंडावर बोलायचे, की तुम्ही उंटावरून शेळ्या हाकता. माणूस महासंघात आला होता तो पतपेढीच्या निवडणुकांतून. जन्मात मुद्गल हातात धरलेलं नाही.

पदकाचं एक वेळ मरू दे. पण तबस्सुमनं पोलीस भरतीचा अर्ज खेळाडूंच्या राखीव जागेतून भरला होता. मैदानी परीक्षा पास झाली होती, लेखी पास झाली होती. राहिलं होतं फक्त क्रीडा प्रमाणपत्र, तेही बंदी नसलेल्या खेळाडूचं. ते दाखल करायची शेवटची मुदत येता शनिवार, आणि वयाच्या अटीनं ही तिची शेवटची भरती. तो दिवस बुधवार होता.

देवस्थळी साहेबांनी चष्मा वर केला.

"शेडगे बाई, प्रतिपक्ष सलग तिसऱ्यांदा गैरहजर आहे. मुलीला न ऐकताच बंदी घातली, एवढ्या एका कारणावर ती टिकत नाही. मी एकतर्फी निकाल देतो. आदेश आजच्या आज हातात मिळेल. चालेल ना?"

"चालेल? पळेल, साहेब," मी म्हटलं.

टंकलेखिकेनं कागद चढवला. आणि माझ्या कानाशी तबस्सुम कुजबुजली, "बाई, मघाशी पुढच्या इमारतीपाशी झाडाखाली बसले होते ते खराडेच ना?"

"गप बस."

"खोली बदलली ते त्यांना ठाऊक नाही."

होतं खरं तसं. सुनावणी पुढच्या इमारतीतल्या हॉलमध्ये व्हायची होती. सकाळी तिथं कुणा मंत्र्याची बैठक लागली आणि आम्हाला मागच्या इमारतीत, वरच्या मजल्यावर हलवलं. मला हे कळलं कारण मी दर पाच मिनिटांनी पट्टेवाल्याचा जीव खात होते. मागच्या इमारतीकडं येताना मी खराड्यांना बघितलं होतं. पारावर बसून, मांडीवर डबा घेऊन, हॉलच्या बंद दाराकडं बघत होते. मी पदर सावरला आणि दुसऱ्या बाजूनं निघून आले.

"मला काय करायचंय?" मी दातांतल्या दातांत म्हटलं. "मी काय त्यांची आई आहे, बोट धरून आणायला? दोन तारखा आपल्याला नाचवलं त्यांनी."

"नाचवलं. पण आज आलेत."

"तबस्सुम, शनिवार कुणाला आहे?"

"मला."

"मग तोंड मिट."

तिनं मिटलं. पण ती माझ्याकडं बघत राहिली. ती पोर तशी बघायला लागली की बोललेली परवडते. आमच्या खेळात एक रीत आहे. खेळाडूचं नाव पुकारलं आणि तो आला नाही, तर पंचानं मैदानाच्या कडेला उभं राहून तीन हाका द्यायच्या. घाई न करता, श्वास घेऊन. तिसऱ्या हाकेलाही आला नाही तरच बाद. पुष्कळ पंच हाका उरकून टाकतात, ओठ हलवल्यासारखं करतात. मी कधी उरकल्या नाहीत. पोरं कुठं पाणी प्यायला गेलेली असतात, कुठं लघवीला. सातशे कोस आलेलं लेकरू नळावर उभं आहे म्हणून बाद करायचं? शेडगे बाईंची हाक विहिरीत पडलेल्यालाही वर काढते, अशी माझी थट्टा चालायची. तबस्सुमनं ती रीत माझ्याच हाताखाली चौदा-पंधरा वर्षं बघितली होती. तिला काही बोलायची गरजच नव्हती.

मी उठले. इतका संताप आला होता की खुर्ची मागं पडली.

"साहेब, खराडे आलेत. पुढच्या इमारतीपाशी पारावर बसलेत. खोली बदलल्याचं त्यांना कुणी सांगितलेलं नाही."

साहेबांनी पट्टेवाल्याकडं बघितलं. "तिथल्या दारावर सूचना चिकटवायला सांगितली होती."

"लिहून ठेवली होती साहेब. डिंक नव्हता."

"कुठं ठेवलीत?"

पट्टेवाल्यानं खिशातून घडी घातलेला कागद काढला. देवस्थळी साहेबांनी डोळे मिटून घेतले आणि मग माझ्याकडं वळले.

"बाई, हे तुम्हाला केव्हापासून माहीत आहे?"

"आल्यापासून."

"मग आता का सांगताय?"

"ही पोरगी मला सुखानं जगू देत नाही म्हणून."

मी गॅलरीत गेले, कठड्यापाशी उभी राहिले आणि हाक दिली. दिनकरराव खराडे. पारावरची कबुतरं उडाली. दुसऱ्या हाकेला खराड्यांनी मान वर करून इकडंतिकडं बघितलं आणि डब्याचं झाकण लावत धावत सुटले. तिसरी हाक द्यायचं काही कारण नव्हतं. ती मी नुसती रागानं दिली.

खराडे घामाघूम होऊन आत आले. आल्या आल्या हात जोडले. "साहेब, विनंती आहे, तयारीला पुढची तारीख मिळाली तर..."

मी कपाळावर हात मारला. म्हणजे या माणसाला मी स्वतःच्या तोंडानं बोलावून आणलं, तारीख मागायला.

"बसा," साहेब म्हणाले. "तयारी लागणार नाही. मी विचारतो तेवढ्याची उत्तरं द्या. या मुलीवर बंदी घालण्याआधी तिला काही विचारलं होतंत?"

"विचारायचं काय त्यात? काटा कधी खोटं बोलतो का साहेब?"

"वजन स्पर्धेआधी करायचा नियम आहे. आधी का नाही केलंत?"

"काटा दुपारी आला ना. अंतिम सामना सकाळीच उरकलेला. मग म्हटलं, निदान जिंकलेल्याची जोडी तरी तोलून घ्या. टेबलावर होतीच मांडलेली."

"छान," मी म्हटलं. "आधीच उल्हास, त्यात फाल्गुन मास."

"बाई, तुम्ही मध्ये बोलू नका. खराडे, दोन्ही मुद्गलं कमी भरली?"

"नाही, नाही. एकच. दुसरं अगदी बरोबर होतं. कमी भरलं ते हिरव्या सुतळीचं."

"हिरव्या सुतळीचं म्हणजे?"

"मुठीला हिरवी सुतळी गुंडाळलेली आहे साहेब. ठेवलंय ना आम्ही कपाटात, पुरावा म्हणून."

मी तबस्सुमकडं बघितलं. तिनं माझ्याकडं बघितलं. तिच्या मुठी काळ्या, रबराच्या. तिच्या जोडीला सुतळीचा धागासुद्धा कधी लागलेला नाही.

तुम्हाला आमची आणखी एक रीत सांगायची राहिली. अंतिम सामना संपला की दोघी खेळाडूंनी आपल्या जोडीतलं एकेक मुद्गल एकमेकींना द्यायचं. जोड बदलणं म्हणतात त्याला. जिंकणारीच्या घरी हरणारीचं एक राहतं आणि हरणारीच्या घरी जिंकणारीचं. का, तर घरी सराव करताना दुसरीची आठवण राहावी. जोड बदलून झाली की जिंकणारीनं ती तशी मिश्र जोडी टेबलावर मांडायची. मुद्गल फिरवलेल्या कुठल्याही माणसाला हे माहीत असतं. महासंघाच्या तांत्रिक समितीत तसं एकही माणूस नव्हतं. सकाळी जोड बदलली आणि दुपारी यांचा काटा आला. चोर सोडून संन्याशाला फाशी म्हणतात, ते हे.

"साहेब, ते माझं नाही," तबस्सुम म्हणाली. तिनं जोड बदलण्याची रीत नीट सांगितली. साहेबांनी दोनदा विचारून घेतली.

"खराडे, हे खरं आहे? अशी रीत आहे?"

"आहे म्हणजे... फोटोसाठी काहीतरी देवाणघेवाण करतात खरं पोरी."

"म्हणजे हलकं मुद्गल उपविजेतीचं. ढोमणे नावाच्या मुलीचं."

"प्रणिताचंच आहे," तबस्सुम म्हणाली. "तिच्या मुठी हिरव्या असतात."

आठ महिने झाले होते इंदूरच्या स्पर्धेला. वजन नियमाप्रमाणं सामन्याआधीच झालं असणार असं धरून आठ महिने आम्ही अर्ज लिहीत होतो, सूड आणि द्वेष आणि षड्यंत्र असले शब्द वापरत होतो. एक प्रश्न विचारला असता, पोरी हे तुझं का, तर इंदूरच्या मंडपातच उलगडा झाला असता. मला हसावं की खराड्यांच्या डोक्यात तो डबा घालावा तेच कळेना.

खराडे मात्र एकदम खुलले. इतके खुलले की उठून उभेच राहिले. "मग तर सोपं झालं साहेब. हिची बंदी काढतो आणि ती त्या ढोमणेवर घालतो. पदक हिला परत. कार्यकारिणीची संमती मी आत्ता फोनवर घेतो सगळ्यांची. विषय संपला."

देवस्थळी साहेबांनी चष्मा काढून डोळे चोळले. दमले होते बिचारे, दिवसभरात त्यांच्यापुढं असल्या किती तक्रारी येत असतील. मग टंकलेखिकेला म्हणाले, "घ्या. सुनावणीत असं निष्पन्न झालं की, कमी वजनाचं मुद्गल तक्रारदाराचं नसून उपविजेत्या खेळाडूचं होतं..."

टंकलेखन सुरू झालं. तो आवाज मला देवळातल्या घंटेसारखा गोड लागत होता. मी मनात शनिवारचा हिशेब मांडला. आज आदेश, उद्या महासंघाचं प्रमाणपत्र, परवा साताऱ्याला जाऊन दाखल. एक दिवस हाताशी उरत होता.

तबस्सुम उभी राहिली.

"साहेब, प्रणिताला विचारलंत का?"

मी तिची ओढणी धरून खाली खेचली. ती बसली नाही. हात दाखवून अवलक्षण म्हणजे काय ते मी त्या दिवशी बघितलं.

"काय म्हणालीस?" साहेबांनी विचारलं.

"तिला काही विचारलेलं नाही कुणी. तिला हे माहीतसुद्धा नाही की आपण इथं बसलोय."

"तू सांगतेस ना, मुद्गल तिचं आहे?"

"तिचं आहे. पण हलकं का आहे ते तीच सांगेल. मला नाही माहीत."

"अगं, नियमापेक्षा हलकं आहे. कारण काहीही असो," खराडे म्हणाले.

"माझ्या वेळी पण तुम्ही असंच म्हणाला असाल," ती म्हणाली.

साहेबांनी टंकलेखिकेला हातानं थांबवलं. "मुली, जरा विचार कर. तुझ्या अर्जात लिहिलंय की शनिवारी तुझी मुदत संपते. ही ढोमणे तुझी मैत्रीण आहे का?"

"नाही. दोनदा हरवलंय तिनं मला."

"मग?"

तिनं ओढणी सारखी केली. "साहेब, ते पत्र आलं तेव्हा आमच्या घरात कुणी जेवलं नाही. अब्बा मला म्हणाले, तुझ्या हातून काही झालं असेल तर सांग, मी रागावणार नाही. माझ्या बापाला माझा संशय आला. माझ्या बापाला. आता तसंच पत्र वर्ध्याला जाईल आणि ते माझ्यामुळं जाईल. तिला बोलवा. ती चुकली असेल तर मग लिहा काय लिहायचं ते."

खराडे डब्याच्या कडीशी चाळा करत होते. देवस्थळी साहेबांनी टंकलेखन यंत्रातला कागद मागून घेतला, वाचला आणि आडवा फाडला.

"तिचं बरोबर आहे," ते माझ्याकडं बघून म्हणाले. "मी हे लिहायला नको होतं."

"साहेब, मग निदान हिची बंदी तेवढी उठवा," मी म्हटलं. माझा आवाज चढला होता आणि मी तो चढू दिला. "मघाशी उठवतच होता की एकतर्फी. मुलीला ऐकलं नाही म्हणून. ते कारण अजून आहे तिथंच आहे."

"आहे. पण आता दुसरी बाजू हजर झाली, पुरावा पुढं आला. आता मी तेवढ्यावर निकाल दिला तर हे उद्या न्यायालयात जातील आणि परवा तो स्थगित होईल. आणि मुद्गल हिचं नाही असं लिहिलं, की ते ढोमणेचं आहे असं लिहिल्यासारखंच आहे. तिला न ऐकता मला ते लिहिता येत नाही. तोवर बंदीला तात्पुरती स्थगिती देतो. तिला नियमाप्रमाणं नोटीस काढावी लागेल. लवकरात लवकर तीन आठवडे."

"तीन आठवड्यांत काय होणार आहे ते ठाऊक आहे ना तुम्हाला?"

"ठाऊक आहे, बाई," ते म्हणाले. त्यांनी नजर चुकवली नाही, एवढं मात्र मान्य करते.

स्थगितीचा तो कागद घेऊन आम्ही शनिवारी साताऱ्याला गेलो. टेबलामागच्या माणसानं तो उलटसुलट करून वाचला. माणूस वाईट नव्हता. त्यानं आम्हाला पाणी दिलं.

"बंदी स्थगित आहे. म्हणजे उठलेली नाही ना?"

"उठेल," मी म्हटलं. "चूक महासंघाची आहे, सगळं सिद्ध झालंय."

"उठली की या."

"मुदत आज संपतेय हो."

"तेच तर," तो म्हणाला. अगदी हळहळून म्हणाला. त्याच्यावर ओरडायलाही जागा नव्हती.

त्यानंतरचे तीन आठवडे मी त्या पोरीशी धड बोलले नाही. बोलले ते टोचूनच बोलले. शहाणपण पाजळायला दुसरा दिवस मिळाला नाही का, म्हटलं. कोण ती प्रणिता, तुझ्या घरात चूल पेटवायला येणार आहे का, म्हटलं. ती ऐकून घ्यायची आणि मैदानावर जाऊन शाळेच्या जुन्या जोडीवर फिरवत बसायची. त्यानं मला जास्तच चीड यायची.

पुढच्या तारखेला या वेळी सगळे वेळेवर हजर. दारावर सूचनाही चिकटवलेली होती, चारी कोपऱ्यांना डिंक लावून. प्रणिता ढोमणे वर्ध्याहून एकटी आली होती. काटक, सावळी, घाबरलेली. येऊन सरळ तबस्सुमच्या शेजारी बसली. नोटीस वाचून तिच्या आईनं दोन दिवस अन्नाला हात लावला नव्हता, असं तिनं हळूच सांगितलं. म्हणजे नुसत्या नोटिशीनं हे, मग बंदीचं पत्र गेलं असतं तर काय झालं असतं, असं माझ्या मनात आलं. मी ते तोंडावर येऊ दिलं नाही.

खराड्यांनी पिशवीतून मुद्गल काढून टेबलावर ठेवलं. हिरवी सुतळी, घामानं काळपट झालेली.

"हे तुझं?" साहेबांनी विचारलं.

"हो जी. माह्या आजोबाची जोडी आहे. त्याहीच्यावरच शिकली मी."

"हे पाव किलोनं कमी आहे. तुला माहीत होतं?"

"नाही जी. मले तर हे बरोबरच वाटे. लहानपणापासून हेच हातात आहे." ती थांबली. "मी पाहू का जरा?"

"बघ."

तिनं मुद्गल उचललं. आधी हातात तोललं, मग कानाशी नेऊन हलवलं. मग उलटं धरलं आणि बुडाकडचा भाग बोटानं चाचपला. तिथं तेल आणि शेंदूर यांचा जाड थर बसला होता, वर्षानुवर्षांच्या दसऱ्यांचा. तिनं नखानं तो थोडा खरवडला. खाली टाचणीच्या डोक्याएवढी भोकं होती, एक नाही, पुष्कळ. तिनं मुद्गल टेबलावर हलकेच आपटलं.

भोकांतून पिवळा भुसा पडला. पिठासारखा बारीक. तिनं पुन्हा आपटलं, पुन्हा पडला. देवस्थळी साहेबांच्या कागदांवर, खराड्यांच्या बाहीवर, सगळीकडं. आजोबांच्या लाकडाला भुंगा लागला होता आणि तो आतून वर्षानुवर्षं खात बसला होता. इतका हळू की हाताला फरक कळू नये.

कुणीच काही खोटं केलं नव्हतं. तबस्सुमनं नाही, प्रणितानंही नाही. आणि ते मुद्गल त्या दिवसापासून महासंघाच्या कपाटात पुरावा म्हणून ठेवलेलं होतं, एकानंही ते कधी उलटं करून बघितलं नव्हतं.

प्रणिता रडायला लागली, बंदी टळली म्हणून नव्हे, आजोबाचं लाकूड गेलं म्हणून.

खराडे बाही झटकत म्हणाले, "अरेरे. हे आधी कळलं असतं तर इतकं..."

"विचारायचं होतं," तबस्सुम म्हणाली.

तिनं आवाज चढवला नाही. पण खराड्यांनी मान खाली घातली ती आदेश सांगून होईपर्यंत वर केली नाही. मला वाटलं होतं, तो क्षण आला की मला फार बरं वाटेल. तसं काही झालं नाही.

आदेश चांगला झाला. दोघींवर ठपका नाही, प्रणिताला दिलेलं काढून घेण्याइतका तिचाही दोष नव्हता म्हणून इंदूरचं सुवर्ण दोघींना विभागून, आणि इथून पुढं कुठल्याही खेळाडूला समोर बोलावून ऐकल्याशिवाय महासंघानं शिक्षा करायची नाही. महासंघ न्यायालयात गेला नाही. जायला तोंडच नव्हतं, त्यांचं सगळं ऐकून घेतलेलं होतं. पुढं इतर खेळांच्या महासंघांनीही तसाच नियम केला आणि आता शिबिरांत त्या आदेशाच्या प्रती वाटतात. मलाही एकदोनदा भाषणाला बोलावलं. तबस्सुमच्या भरतीबद्दल त्या आदेशात एक अक्षर नाही. ते मंडळाच्या कक्षेत येत नव्हतं.

त्या दुपारी आम्ही स्वारगेटहून एसटीत बसलो. खिडकीशी ती, शेजारी मी. कात्रजचा बोगदा गेला. खेड शिवापूर गेलं. ती बाहेर बघत होती. मी पिशवीतून शेंगदाण्याचा लाडू काढून तिच्या हातावर ठेवला. तिनं तो धरून ठेवला, खाल्ला नाही. आणि मग ती रडायला लागली. इतक्या महिन्यांत पहिल्यांदा. तोंडात ओढणीचा बोळा कोंबून, खांदे गदगदा हलवत. पुढच्या बाकावरच्या बाईनं मागं वळून बघितलं. मी तिला हातानंच खुणावलं, पुढं बघा म्हणून.

काय बोलणार? आदेश माझ्या मांडीवरच्या पिशवीत होता. तो काढून तिचे डोळे पुसायचे का?

शिरवळच्या पुढं केव्हातरी तिचं रडणं ओसरलं. नाक पुसत तिनं विचारलं, "बाई, खरं सांगा. त्या दिवशी मी गप्प बसायला हवं होतं का?"

तीन आठवडे मी तिला हेच ऐकवत होते. उठता बसता, मैदानावर, शाळेच्या दारात. हो म्हणायला तोंड उघडलं. तिला नोकरी लागली असती, अंगावर खाकी आली असती, ओगलेवाडीला बापानं पेढे वाटले असते. आणि वर्ध्याला एक पोर घरच्यांपुढं उभी राहून शपथा घेत बसली असती.

"नाही," मी म्हटलं.

ती खिडकीकडं वळली आणि तो लाडू खायला लागली.

आज ती कराडच्या एका खाजगी शाळेत कंत्राटी क्रीडाशिक्षिका आहे. दर जूनमध्ये नव्यानं नेमणूक, दर जूनमध्ये नवी धाकधूक. भेटली की मी तिची पाठ थोपटते आणि घरी येऊन भांडी आपटते. मी तिला खरं तेच सांगितलं होतं. त्याचाच मला अजून राग येतो.